तेव्हा आणि आता

सप्टेंबर २०२२ मध्ये लातूर जिल्ह्यातल्या हासोरी गावात जमिनीखालून गूढ आवाज येऊ लागले. गाव निलंगा तालुक्यातलं, किल्लारीपासून सुमारे २८ किलोमीटरवरचं. आवाज पुढचे काही दिवस येत राहिले आणि गावाची झोप उडाली. पाच महिन्यांनी, फेब्रुवारी २०२३ मध्ये, खुद्द लातूर शहरात विवेकानंद चौकाच्या परिसरात भर सकाळी असाच आवाज ऐकू आला. माणसं हादरली. प्रशासनाने भूकंपमापन केंद्रांकडे चौकशी केली, तर भूकंपाची नोंद कुठेच नव्हती. लोकांनी घाबरून जाऊ नये, असं सांगण्यात आलं.

सांगणं योग्यच होतं. पण ते ज्यांना सांगितलं जात होतं, त्यांतल्या पस्तिशी-चाळिशी ओलांडलेल्या कित्येकांच्या शरीराने असा आवाज आयुष्यात एकदा ऐकला होता आणि त्यानंतर काय झालं हेही पाहिलं होतं. भूकंपमापकावर काय उमटलं, हे त्या शरीराला कळायच्या आत छाती धडधडू लागते, हातपाय गार पडतात, पाय आपोआप दाराकडे वळतात. अशा माणसाला भित्रा किंवा अडाणी ठरवणं सोपं असतं. मानसशास्त्राने गेल्या शंभर वर्षांत जे शोधलं आहे ते मात्र त्याच्या बाजूने साक्ष देतं.

३० सप्टेंबर १९९३. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती. गणपती बोळवून माणसं उशिरा घरी आली आणि गाढ झोपली. पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारी परिसरातली जमीन हलली. भूकंपाची तीव्रता सहाच्या थोडी वर, म्हणजे जगाच्या हिशेबात फार मोठी नव्हे. पण त्याचं केंद्र उथळ होतं आणि घरं दगडाची होती. मातीत रचलेल्या जाडजूड दगडी भिंती, वर मातीचा थर दिलेलं माळवद. उन्हाळ्यात गारवा देणारं हे घर झोपलेल्या माणसांवर कोसळलं. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांत मिळून जवळपास दहा हजार माणसं गेली. ५२ गावं पुढे दुसऱ्या जागी नव्याने वसवावी लागली.

त्या पहाटे भोवती जे जे होतं, ते सगळं नंतर धोक्याची खूण होऊ शकत होतं. जमिनीतली घरघर तर होतीच. पण पहाटेचा अंधार, धुळीचा वास, गोठ्यातल्या जनावरांची अचानक सुरू झालेली हालचाल, डोक्यावरचं छप्पर, अगदी विसर्जनाच्या मिरवणुकीतला ढोलसुद्धा. यांतल्या एकाही गोष्टीने कुणाचा जीव घेतलेला नसतो. त्या फक्त तिथे हजर असतात. अशा खुणेला आता सर्रास ट्रिगर म्हटलं जातं, आणि तो ओळखणं अवघड जातं ते याच कारणाने. घरच्यांना वाटतं, हिला ढोलाचा त्रास होतो म्हणजे गोंगाट सहन होत नाही. डॉक्टरला वाटतं, पहाटे चारला जाग येते म्हणजे वयाचा परिणाम. स्वतः त्या बाईलाही कधीकधी सांगता येत नाही की आज सकाळपासून जीव का थाऱ्यावर नाही.

त्यातून आपल्याकडे वर्ष दोन पंचांगांनी चालतं. श्राद्ध तिथीने होतं आणि सरकारी श्रद्धांजली तारखेने. २०२३ मध्ये अनंत चतुर्दशी २८ सप्टेंबरला आली, २०२५ मध्ये ६ सप्टेंबरला. म्हणजे किल्लारीच्या माणसाला एकच पहाट वर्षातून दोनदा गाठते, आणि मधले दिवस धास्तीत जाण्याची शक्यता असते ती वेगळीच. आघाताचा स्मृतिदिन जवळ आला की त्रास वाढतो, हे जगभर नोंदलं गेलं आहे. मराठवाड्यातल्या माणसासाठी हा दिवस सरकतो, हे बाहेरून आलेल्या समुपदेशकाच्या लक्षात यायला हवं.

हे सगळं शरीरात कसं कोरलं जातं, याची एक विलक्षण नोंद रशियातली आहे. सप्टेंबर १९२४ मध्ये लेनिनग्राडमध्ये मोठा पूर आला. शास्त्रज्ञ इव्हान पावलोव्हच्या प्रयोगशाळेतली कुत्री ज्या खोल्यांत ठेवलेली होती त्यांत पाणी शिरलं. कुत्र्यांना पाण्यातून पोहवत कसंबसं बाहेर काढलं. एकही बुडालं नाही. पण नंतर दिसलं की काही कुत्र्यांच्या महिनोन् महिने घडवलेल्या सवयी पार विस्कटल्या होत्या. हळूहळू त्या परत बसवल्यानंतर एका कुत्र्याच्या खोलीत दाराखालून पाण्याची बारीक धार मुद्दाम सोडण्यात आली. तेवढ्या पाण्यात त्याचे पंजेही बुडले नसते. तरी ते सैरभैर झालं आणि सावरलेलं सगळं पुन्हा ढासळलं.

पावलोव्हच्या काळी मेंदूच्या आत डोकावण्याची साधनं नव्हती. पुढे जोसेफ लेडू या शास्त्रज्ञाने उंदरांवर केलेल्या प्रयोगांतून दिसलं की भीतीशी जोडला गेलेला आवाज मेंदूतल्या अमिग्डाला या भागाकडे दोन वाटांनी पोचतो. एक वाट लांबची, आवाजाचा नीट अर्थ लावणाऱ्या भागांतून जाणारी. दुसरी जवळची, अर्थाची वाट न पाहणारी. जवळच्या वाटेने आलेला निरोप अर्धवट असतो, चुकीचाही असू शकतो. पण तो आधी येतो. साप समजून दोरीवरून उडी मारणारा वाचतो आणि दोरी समजून सापावर पाय ठेवणारा मरतो, म्हणून सजीवांत ही घाई टिकून राहिली असावी. माणसाचा मेंदू उंदरापेक्षा गुंतागुंतीचा आहे. पण विचाराच्या आधी अंगावर काटा येतो, हा अनुभव ज्याचा त्याला ठाऊक असतो.

आणखी एक गोष्ट त्याहून महत्त्वाची. २००० साली अँके एलर्स आणि डेव्हिड क्लार्क या ब्रिटनमध्ये काम करणाऱ्या मानसशास्त्रज्ञांनी एक मांडणी केली. एरवीची आठवण तारीख घेऊन येते. दहावीचा निकाल, धाकट्याचं लग्न, आईचं आजारपण आठवताना ते होऊन गेलं आहे हे आठवणीतच सामावलेलं असतं. अतिभयाच्या क्षणी साठलेल्या आठवणीला अशी तारीख नीट चिकटत नाही. ती आयुष्याच्या ओळीत बसत नाही. वास, आवाज, दाब, उजेड अशा तुकड्यांत पडून राहते. त्यातला एखादा तुकडा बाहेरच्या कशाशी जुळला की ती आठवण परत येते, पण आठवण म्हणून येत नाही. ती आत्ता घडू लागते. विस्थापनानंतर तीस वर्षांनी सिमेंटच्या घरात झोपलेला माणूस मालमोटारीच्या घरघरीने उठून अंगणात धावतो, तेव्हा त्याला १९९३ आठवत नसतं. त्याच्यापुरतं ते साल सुरू झालेलं असतं.

हे मान्य केलं की ट्रिगरशी झुंजण्याचा प्रश्न वेगळ्या रीतीने मांडता येतो. काय विसरायचं, हा तो प्रश्न उरत नाही. तेव्हा आणि आता यांतला फरक शरीराला कसा पटवायचा, हा खरा प्रश्न आहे. आणि त्याच्या पाठोपाठ येणारा, जास्त अडचणीचा प्रश्न असा की तो फरक खरोखर आहे का?

आपल्याकडचा पहिला सल्ला असतो विसरून जाण्याचा. झालं गेलं गंगेला मिळालं, काळ हेच औषध, मनावर घेऊ नकोस. बोलणाऱ्याची माया खरी असते आणि पुष्कळांच्या बाबतीत काळ काम करतोही. मोठ्या आपत्तीतून वाचलेल्या बहुतेक माणसांना सुरुवातीचे आठवडे वाईट जातात आणि मग ती बिनऔषधाची सावरतात, हे आवर्जून सांगायला हवं. पण जे सावरत नाहीत त्यांची संख्या लहान नसते. किल्लारीच्या भूकंपग्रस्तांची भूकंपानंतर थोड्याच काळात केलेली एक पाहणी १९९६ मध्ये ‘अमेरिकन जर्नल ऑफ सायकिअॅट्री’ने छापली. तपासलेल्यांपैकी निम्म्याहून अधिक माणसांत मानसिक विकाराचं निदान झालं होतं. आघातोत्तर ताणविकार आणि नैराश्य हे त्यांत प्रमुख. अशा माणसाला ‘विसर’ म्हणणं म्हणजे त्याच्यावर आणखी एक काम लादणं.

हे पहिल्या महायुद्धातच एका डॉक्टरच्या ध्यानात आलं होतं. डब्ल्यू. एच. आर. रिव्हर्स हे त्यांचं नाव. भारतातल्या वाचकाला ते निलगिरीतल्या तोडा लोकांवरच्या १९०६ च्या ग्रंथामुळे माहीत असतील. युद्धकाळात ते एडिंबराजवळच्या क्रेगलॉकहार्ट रुग्णालयात खंदकांतून परतलेल्या अधिकाऱ्यांवर उपचार करत होते. नातेवाईक, मित्र, आधीचे डॉक्टर या सगळ्यांनी त्या अधिकाऱ्यांना एकच सांगितलेलं असे की युद्धाचा विचार डोक्यातून काढून टाका, चांगलं काहीतरी आठवा. ते शिस्तीचे लोक. दिवसभर मन लावून तसं करत. रात्र झाली की दडपलेलं सगळं दुप्पट जोराने वर येई. डिसेंबर १९१७ मध्ये रिव्हर्सनी यावर रॉयल सोसायटी ऑफ मेडिसिनपुढे निबंध वाचला आणि पुढच्या फेब्रुवारीत तो ‘लॅन्सेट’मध्ये छापून आला. आठवणीइतकंच, कधी तिच्याहूनही जास्त, नुकसान ती दाबून टाकण्याच्या प्रयत्नाने होतं, असं त्यांचं म्हणणं होतं.

त्यांच्या एका रुग्णाने मित्राचं छिन्नविच्छिन्न झालेलं शरीर पाहिलं होतं आणि स्वप्नात मित्र त्याच अवस्थेत येत असे. रिव्हर्सनी त्याला ते दृश्य टाळायला सांगितलं नाही. इतक्या भयंकर जखमांचा अर्थ मित्राला मरताना क्षणभरही यातना झाल्या नाहीत असा होतो, एवढंच त्याच्या लक्षात आणून दिलं. आठवण तीच राहिली, पण तिच्याकडे पाहता येऊ लागलं आणि स्वप्नं बदलली. मित्र नंतरही स्वप्नात आला, तेव्हा त्याच्याशी बोलणं झालं.

टाळण्याचा तोटा असा की त्याला अंत नसतो. आधी ढोल टाळायचा, मग मिरवणुकीचा रस्ता, मग गणपतीचे दहा दिवस, मग सप्टेंबर महिना. प्रत्येक वेळी टाळल्यावर हायसं वाटतं आणि त्या हायसं वाटण्यातूनच शरीर शिकतं की टाळलं म्हणून वाचलो. ढोलाने काहीच झालं नसतं, हे कळायची संधीच त्याला मिळत नाही. पुढे दारू किंवा झोपेच्या गोळ्या ही टाळण्याचीच रूपं होतात. आघातानंतरच्या पहिल्या महिन्यात ताणाच्या लक्षणांवर बेंझोडायझेपिन गटातली औषधं देऊ नयेत, असं जागतिक आरोग्य संघटनेने २०१३ च्या मार्गदर्शक सूचनांत म्हटलं आहे. गावोगावच्या दवाखान्यांत आपत्तीनंतर पहिली हीच चिठ्ठी लिहिली जाते, म्हणून हे ठणकावून सांगावं लागतं.

मग सगळ्यांना धरून सामोरं नेऊन उभं करायचं का? ही दुसरी चूक, आणि ती पहिलीइतकीच निर्दय आहे. आपत्तीनंतर लगेच लोकांना गोलात बसवून काय पाहिलं, काय वाटलं हे सगळं एकाच बैठकीत बोलतं करण्याची पद्धत एके काळी जोरात होती. तिने पुढचा त्रास टळत नाही, असं संशोधनांच्या फेरतपासणीत दिसल्यावर ती मागे पडली. २०११ साली जागतिक आरोग्य संघटनेने मानसिक प्रथमोपचाराची जी पुस्तिका काढली तिचा भर अगदी साध्या गोष्टींवर आहे: आधी पाहा, मग ऐका, मग गरजेच्या मदतीशी जोडून द्या. बोलायचं की नाही, हे वाचलेल्या माणसाने ठरवायचं.

रिव्हर्सनाही ही मर्यादा ठाऊक होती. त्यांच्या आणखी एका रुग्णावर स्फोटात उडून कित्येक दिवसांच्या प्रेतावर तोंडघशी पडण्याची पाळी आली होती. तो वास, ती चव त्याला सोडत नव्हती. या आठवणीला सुसह्य करणारा एकही कोन रिव्हर्सना सापडला नाही. त्यांनी तो शोधत राहण्याचा हट्ट केला नाही. सैन्य सोडून, जिथे पूर्वी त्याला बरं वाटलं होतं अशा मोकळ्या गावाकडच्या वातावरणात जाण्याचा सल्ला त्यांनी दिला. स्वतःचा सिद्धान्त हातात असताना रुग्णापुढे तो बाजूला ठेवण्याचा हा मोठेपणा या विषयावर बोलणाऱ्या प्रत्येकाने अंगी बाणवावा असा आहे.

दूरचित्रवाणीला मात्र ना सिद्धान्त असतो ना रुग्ण. २०१३ च्या बोस्टन मॅरेथॉनमधल्या बॉम्बस्फोटानंतर अमेरिकेत अॅलिसन होल्मन आणि रॉक्सेन कोहेन सिल्व्हर यांच्या गटाने केलेला अभ्यास सांगतो की त्या आठवड्यात रोज सहा तास किंवा त्याहून जास्त काळ स्फोटाच्या बातम्या पाहणाऱ्यांमध्ये तीव्र ताणाची लक्षणं प्रत्यक्ष स्फोटाच्या जागी असलेल्यांपेक्षाही अधिक होती. आपल्याकडे २६ नोव्हेंबर आला की मुंबईवरच्या हल्ल्यात पेटलेला ताजचा घुमट दिवसभर पडद्यावर येतो. छत्रपती शिवाजी टर्मिनसवर त्या रात्री असलेली माणसं आजही त्याच शहरात नोकरीला जातात, संध्याकाळी घरी येऊन टीव्ही लावतात. स्मरण करायलाच हवं. पण त्यासाठी तीच ज्वाळांची फीत शंभरदा फिरवण्याची गरज नाही.

यावर पाश्चात्त्य विद्यापीठांनी आणि समाजमाध्यमांनी काढलेला तोडगा म्हणजे मजकुराच्या आधी दिलेली सूचना: पुढे त्रासदायक वर्णन आहे. हेतू चांगला आहे. मात्र हार्वर्डमधल्या रिचर्ड मॅकनॅली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेले प्रयोग, आणि नंतर अनेक प्रयोग एकत्र तपासणारं २०२३-२४ मधलं विश्लेषण, असं सांगतं की अशा सूचनेने वाचताना होणारा त्रास कमी होत नाही; वाचण्याआधीची धाकधूक तेवढी वाढते. म्हणून सूचना मुळीच देऊ नये असं प्रस्तुत लेखकाचं मत नाही. नागरी संरक्षणाच्या सरावासाठी भोंगा वाजणार असेल, तर तो केव्हा वाजेल हे आधी सांगणं हा साधा शिष्टाचार आहे. पण सूचना दिली की काम झालं, ही समजूत घातक आहे.

काम कशाने होतं, याचं उत्तर बऱ्यापैकी हाती आलं आहे. पावलोव्हनेच दाखवलं होतं की एकदा बसलेली जोडणी पुसली जात नाही. घंटा वाजली आणि पुन्हा पुन्हा काहीच झालं नाही, तर प्राणी शांत होतो; पण मध्ये काही काळ गेला की प्रतिक्रिया परत डोकं वर काढते. म्हणजे जुन्या शिकण्यावर नवं शिकणं बसतं, जुनं नाहीसं होत नाही. नंतरच्या संशोधनाने, विशेषतः मार्क बाउटनच्या, त्यात भर घातली की नवं शिकणं जागेला बांधलेलं असतं. दवाखान्याच्या खुर्चीत शांत झालेला माणूस स्वतःच्या घरात पहाटे पुन्हा दचकतो, ते उपचार फसले म्हणून नव्हे. त्याला हे शिकणं घरातही करावं लागतं, पहाटेही करावं लागतं.

एडना फोआ यांनी विकसित केलेली उपचारपद्धती याच पायावर उभी आहे. माणूस प्रशिक्षित उपचारकासोबत ती आठवण सुरुवातीपासून शेवटपर्यंत सांगतो, पुन्हा सांगतो, तिला ओळ आणि तारीख मिळेपर्यंत सांगतो. आणि जे खरोखर सुरक्षित आहे पण टाळलं जातं आहे, तिथे पायरीपायरीने जातो. पायऱ्या तो उपचारकासोबत ठरवतो. एलर्स आणि क्लार्क यांच्या पद्धतीत ट्रिगर हुडकून काढण्यावर मोठा भर आहे. कुठे होतात, काय ऐकलं, कसला वास होता, अंग कोणत्या स्थितीत होतं, असं पोलिसी चिकाटीने शोधलं जातं. खूण सापडली की तिला समोर ठेवून फरक शोधायचे. तो आवाज होता जमिनीचा, हा आहे ट्रॅक्टरचा. तेव्हा अंधार होता, आता दिवा लागतो. तेव्हा हलता येत नव्हतं, आता हात हलवून पाहता येतो. हे फरक मनातल्या मनात न ठेवता मोठ्याने म्हणायचे, हाताने चाचपायचे. शरीराला तर्क कळत नाही, पण भिंतीचा गिलावा कळतो.

भर रस्त्यात किंवा अर्ध्या रात्री झटका आला तर तज्ज्ञ हाताशी नसतो. तेव्हाही याच फरकाची लहान आवृत्ती उपयोगी पडते. तळवे जमिनीवर घट्ट टेकवावेत, डोळे उघडे ठेवावेत, समोरच्या चार-पाच वस्तूंची नावं घ्यावीत, आजची तारीख आणि जागा उच्चारावी, श्वास सोडताना तो घेण्यापेक्षा लांबवावा. सोबतच्याने मागून मिठी मारू नये, खांदे धरून हलवू नये. समोर यावं, नावाने हाक मारावी, आपण कोण आणि कुठे आहोत हे सांगावं, हात धरू का असं विचारावं. ‘काही झालेलं नाही’ यापेक्षा ‘ते १९९३ मध्ये झालं, आत्ता आपण अंगणात आहोत’ हे वाक्य जास्त खरं आहे आणि म्हणून जास्त कामाचं. यातून आठवण बरी होत नाही. पण माणूस त्या घटकेतून सुखरूप बाहेर येतो, आणि पुढच्या वेळी झटक्याच्या भीतीची भीती थोडी ओसरते.

आता त्या अडचणीच्या प्रश्नाकडे यायला हवं. या सगळ्या उपचारांचा गाभा असा की तेव्हा धोका होता, आता नाही. पण असला तर?

१९९३ च्या आधी वर्षभर, ऑक्टोबर १९९२ पासून, किल्लारी परिसरात लहान लहान धक्के बसत होते. माणसं घाबरली होती, घराबाहेर झोपत होती. त्या वेळच्या भूकंपप्रवण नकाशात हा भाग सर्वांत कमी धोक्याच्या पहिल्या विभागात होता. धक्के कमी झाले, लोक पुन्हा माळवदाखाली झोपू लागले. तेव्हाची ती धास्ती नकाशापेक्षा शहाणी होती. २००२ मध्ये नकाशा बदलला आणि हा पट्टा तिसऱ्या विभागात आला. तोपर्यंत दहा हजार माणसं गेलेली होती.

पुणे जिल्ह्यातलं माळीण ३० जुलै २०१४ च्या सकाळी डोंगराखाली गेलं, १५१ माणसं मेली. वाचलेल्यांसाठी जवळच नवं माळीण बांधलं आणि एप्रिल २०१७ मध्ये ते लोकांच्या हवाली केलं. त्याच जूनमध्ये पहिल्या मोठ्या पावसात नव्या गावातली भरावाची जमीन खचली, रस्त्यांना आणि पायऱ्यांना तडे गेले. पावसाचा आवाज आधीच ज्यांच्या जिवाचा थरकाप उडवत होता, त्यांना आता कोणत्या तोंडाने सांगायचं की हा पाऊस वेगळा आहे? मानसोपचाराला इथे बोलायला जागाच उरत नाही. तिथे आधी अभियंत्याने यायला हवं.

घरातला मार हे याचं सर्वांत रोजचं उदाहरण. नवऱ्याच्या पावलांचा आवाज आला की जिचं अंग आक्रसतं, ती बाई भूतकाळात अडकलेली नसते. दार उघडून जो आत येतो आहे तो खराच आहे. तिला श्वासाचे व्यायाम शिकवून परत त्याच घरात पाठवणं म्हणजे धोक्याची घंटा बंद करून आग तशीच ठेवणं. तिच्यासाठी पहिला उपचार म्हणजे संरक्षण अधिकारी, निवारा, हातात पैसा आणि न्यायालयाचा आदेश. ट्रिगरवरचं बहुतेक लोकप्रिय लेखन हा भेद करत नाही आणि सगळा भार त्या एकट्या माणसाच्या मनावर टाकतं. प्रस्तुत लेखकाचा मुख्य आक्षेप याला आहे. तेव्हा आणि आता यांतला फरक ओळखायला शिकवणं हे उपचारकाचं काम. तो फरक घडवून आणणं हे बाकीच्या सगळ्यांचं.

न्यायालयांनी हे थोडंफार ओळखलं आहे. साक्ष देणं म्हणजे अनोळखी माणसांसमोर, आरोपी काही फुटांवर बसलेला असताना, तीच घटना पुन्हा उभी करणं. २०१२ च्या पोक्सो कायद्याने बालकाला वारंवार न्यायालयात बोलावू नये आणि साक्षीच्या वेळी आरोपी त्याच्या नजरेसमोर येऊ नये, अशी तरतूद केली. जानेवारी २०२२ मध्ये महाराष्ट्रातून गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असुरक्षित साक्षीदारांसाठी देशभर स्वतंत्र साक्ष केंद्रं उभारण्याचे निर्देश दिले आणि त्या व्याख्येत लैंगिक अत्याचाराच्या प्रौढ पीडितांनाही सामावून घेतलं. पण उलटतपासणीची जुनी खोड गेलेली नाही. सदऱ्याचं बटण आठवतं आणि वार आठवत नाही, याचा अर्थ साक्षीदार खोटं बोलतो असा काढला जातो. अतिभयाची आठवण तुकड्यांत साठते, हे ज्याला ठाऊक आहे त्याला या विसंगतीत लबाडीपेक्षा आघात दिसण्याची शक्यता जास्त. हे ज्ञान वकिलांच्या आणि न्यायाधीशांच्या प्रशिक्षणात असायला हवं.

राहतो प्रश्न माणसांचा. देशात एक लाख लोकसंख्येमागे एक मानसोपचारतज्ज्ञही नाही. ऑक्टोबर २०२२ पासून टेलिमानस ही १४४१६ क्रमांकाची मोफत सरकारी सेवा सुरू आहे, तिथे मराठीत बोलता येतं, आणि हा क्रमांक प्रत्येक आपद्ग्रस्त गावाच्या चावडीवर रंगवलेला असावा. पण फोन पुरेसा नाही. गोव्यात संगथ या संस्थेने नैराश्य आणि चिंताविकारांसाठी, डॉक्टर नसलेल्या पण नीट प्रशिक्षण दिलेल्या स्थानिक समुपदेशकांकडून काम करवून घेतलं. त्याचे चांगले निष्कर्ष २०१० मध्ये ‘लॅन्सेट’ने प्रसिद्ध केले. ट्रिगर ओळखण्याचं पहिलं काम तरी गावातल्या आशाताईइतकं चांगलं कोण करील? कुणाच्या घरी रात्रभर दिवा जळतो, कोण पावसाळ्यात माहेरी निघून जातं, कोणाचं पोर फटाके वाजले की पलंगाखाली शिरतं, हे तिला माहीत असतं.

आणि लातूरने याहून पुढचं काहीतरी करून दाखवलं आहे. भूकंपानंतरच्या पुनर्वसनात ५२ गावांच्या स्थलांतराखेरीज हजारो घरांची दुरुस्ती आणि मजबुतीकरण करायचं होतं. प्रेमा गोपालन यांच्या स्वयं शिक्षण प्रयोग या संस्थेच्या पुढाकाराने गावागावांतल्या बायकांना त्यात संवाद सहायक म्हणून नेमण्यात आलं. भिंतीचे कोपरे कसे बांधून घ्यायचे, सिमेंटचं प्रमाण किती, छपराचा भार कसा कमी करायचा, हे त्या शिकल्या आणि घरोघर सांगू लागल्या. मानसोपचार म्हणून हा कार्यक्रम आखलेला नव्हता. तरी ज्या भिंतीने घरातली माणसं नेली तिच्यापासून पळण्याऐवजी तिच्यातला दोष बोटाने दाखवता येणं, म्हणजे तेव्हा आणि आता यांतला फरक स्वतःच्या हाताने बांधणं होतं. २६ जानेवारी २००१ ला कच्छ हादरलं, तेव्हा यांतल्या काही जणी तिथे गेल्या. २००४ च्या सुनामीनंतर तमिळनाडूतही. कच्छमध्ये तेव्हा पश्चात-धक्के बसतच होते. त्यांच्या पायाखालची जमीन पुन्हा हलत होती, पण या वेळी त्या आपणहून गेल्या होत्या, सोबतीने गेल्या होत्या, आणि तिथे त्यांना सांगण्यासारखं काम होतं.

हे महाराष्ट्रातल्या महाराष्ट्रात का होऊ नये? रायगडमधलं तळिये जुलै २०२१ मध्ये दरडीखाली गेलं, इर्शाळवाडी जुलै २०२३ मध्ये. तिथल्या वाचलेल्यांना नवी घरं देण्याचं काम सरकारने हाती घेतलं, ते आवश्यकच होतं. पण दर जूनमध्ये ढग भरून आले की त्या घरांत काय होतं, हे माळीणच्या माणसांइतकं कुणाला कळत नाही, आणि नव्या गावाच्या जमिनीबद्दल काय काय विचारून घ्यायचं हेही त्यांनीच सोसून शिकलेलं आहे. पुनर्वसनाच्या आराखड्यात या माणसांच्या एकमेकांकडे जाण्यायेण्याची, राहण्याची आणि बुडालेल्या मजुरीची तरतूद करावी. भेटी पावसाळ्याआधी, एप्रिल-मेमध्ये व्हाव्यात. येऊ इच्छितात त्यांनाच न्यावं. आणि सोबत एक अभियंता असावा, ज्याला डोंगराच्या उताराबद्दल आणि घराच्या पायाबद्दल विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाचं लेखी उत्तर देणं बंधनकारक असेल.